जावईसुद्धा हाच पाव खातात

सासुरवाडीहून आलेलं सगळं गोड मानून घ्यायचं असतं, हे जावयाला कुणी शिकवावं लागत नाही. कुणाला तिथले टोमणे गिळावे लागतात, कुणाला मेहुण्याचे विनोद. आमच्या जावईबापूंना पाव गिळावा लागे. रोज सकाळी, भट्टीतून थेट, कागदी पिशवीत, हात भाजेल इतका गरम.

जावईबापू हे त्यांचं नाव नव्हे. नाव त्यांना होतं, चांगलं होतं, आणि पाणीपुरवठा खात्याच्या तक्रार विभागात त्यांच्या टेबलावरच्या पितळी पट्टीवर ते कोरलेलंही होतं. पण गल्लीच्या तोंडाशी त्यांच्या सासऱ्यांची बेकरी होती आणि बेकरीच्या दारावर एक भलीमोठी पाटी होती. त्या पाटीवर लग्नाच्या वर्षी काढलेलं जावईबापूंचं रंगीत चित्र होतं. डोक्यावर दाट केस, हातात पाव, पावात दात आणि डोळ्यांत दुहेरी बढती मिळाल्यासारखा आनंद. खाली ठळक अक्षरं: ‘जावईसुद्धा हाच पाव खातात!’ एवढी मोठी पाटी असल्यावर पितळी पट्टी कोण वाचतो? पाटी अधूनमधून नव्याने रंगवली जाई. त्यामुळे पाटीवरचे जावईबापू वर्षागणिक टवटवीत होत गेले आणि तिच्याखालून कचेरीला जाणारे जावईबापू फिकट.

सासऱ्यांना अख्खी गल्ली ‘मालक’ म्हणे. जावईबापूही मालकच म्हणत. लग्नानंतर त्यांनी एकदा ‘बाबा’ म्हणून पाहिलं होतं. तेव्हा मालकांनी मागे वळून, ही हाक कुणाला मारली म्हणून पाहिलं. पुन्हा तो प्रयोग झाला नाही. मालक उंच, काटक आणि कडक. गिऱ्हाइकाला आग्रह करून पाव चाखायला लावत. स्वतःला कुणी विचारलं तर, “माझं आत्ताच झालंय,” म्हणत. ज्याच्या घरी भट्टी त्याला पावाचं काय अप्रूप, असं लोक म्हणत आणि एक पाव जास्त घेत.

तर पोट. जावईबापूंचं पोट जेवणानंतर फुगे, ताणे आणि बोलू लागे. साधं कुरकुरत नसे, सविस्तर बोले. एकदा खात्याच्या बैठकीत वरिष्ठांनी भाषण थांबवून विचारलं, “पंप कुणी सुरू केला?” सगळे खिडकीबाहेर पाहू लागले. जावईबापूंनीही पाहिलं. त्यातच प्रतिष्ठा होती. शिवाय तोंड येई, पाय जड होत, आणि रक्त वाढवायच्या गोळ्या कितीही घेतल्या तरी रक्त जागचं हलत नसे. दुपारी फायलीवर डोकं टेकलं की उचलावंसं वाटत नसे. अर्थात सरकारी कचेरीत हे लक्षण म्हणून कुणाच्या ध्यानात येत नाही.

शेजारी एक निवृत्त कंपाउंडर राहत. त्यांनी सगळं आयुष्य एका डॉक्टरच्या पडद्यामागे औषधं बांधण्यात घालवलं होतं, त्यामुळे वैद्यकशास्त्र त्यांना संपूर्ण येत होतं, फक्त पडद्यातून ऐकलेलं.

“पोट बिघडलंय ना? मग पोटाला विश्रांती द्या,” कंपाउंडर म्हणाले. “जड काही नको. चहा आणि टोस्ट.”

टोस्ट बेकरीतून आले. पोट आणखी बिघडलं. वरच्या मजल्यावरच्या काकू म्हणाल्या, “टोस्ट कोरडा पडतो हो. दुधात पाव भिजवून द्या त्यांना.” दुधात पाव भिजला. कचेरीतला शिपाई म्हणाला, “साहेब, रिकाम्या पोटी वारा धरतो. खिशात बिस्किटं ठेवा.” खिशात बिस्किटं आली. आजारी माणसाला जगात जेवढे सल्ले मिळतात ते सगळे शेवटी एकाच पिठाचे असतात, ही गोष्ट जावईबापूंच्या ध्यानात यायला बरीच वर्षं गेली. यात त्यांची चूक नव्हती. आगीवर तूप ओतणारे सगळे हितचिंतकच होते.

ध्यानात आलं ते अपघाताने. खात्याने त्यांना दूरच्या पंपघरावर देखरेखीला धाडलं. तिथे दुकान नव्हतं, बेकरी नव्हती. होता एक आचारी, आणि त्याला भात येत होता. सकाळी भात, रात्री भात, मध्ये उकडलेले बटाटे. जावईबापू तिथे राहिले आणि काही दिवसांतच पोट गप्प झालं. इतकं गप्प की त्यांना एकटं एकटं वाटू लागलं. दुपारी झोप येईना. एकदा तर ते पंपघराचा जिना शीळ घालत चढले, आणि वर गेल्यावर त्यांना कळलं की ती शीळ आपलीच होती.

घरी आल्यावर कंपाउंडरांनी निदान केलं. “हवा! हवापालट! पंपघराची हवा तुम्हाला मानवली.”

घरी दोन पाव खाल्ले आणि पोट पुन्हा बोलू लागलं. तेव्हा जावईबापूंनी स्वतःहून पुन्हा पंपघराची देखरेख मागून घेतली. खात्याच्या इतिहासात पंपघर मागून घेणारा हा पहिला माणूस. वरिष्ठांनी चौकशी लावायचं मनात आणलं होतं. पण या खेपेला बायकोने प्रेमाने बरोबर पिशवी भरून दिली. पाव, टोस्ट, बिस्किटं, केक. “तिथे नुसता भात खाऊन हाल झाले असतील तुमचे.” हवा तीच होती, जिना तोच होता, आचारीही तोच. पण जावईबापू जिन्याच्या तिसऱ्या पायरीवर बसले ते दोन माणसांनी उठवल्यावर उठले.

त्या पायरीवर बसूनच त्यांनी पिशवीकडे पाहिलं. पिशवीवर त्यांचंच चित्र छापलेलं होतं, हसत, पाव खात.

आता हे सांगायचं कुणाला? एखाद्या कारकुनाने सासऱ्यांना सांगावं की मला तुमची मुलगी मानवत नाही, तर ते एक वेळ समजून घेतील. पण पाव? त्यातून बेकरीला पन्नास वर्षं पुरी होत आली होती. मालकांनी मोठा समारंभ ठरवला होता. बाकड्याएवढा एक पाव भाजायचा, पाटी नव्याने रंगवायची, आणि सगळ्या गल्लीसमोर पाटीखाली उभं राहून पहिला घास जावईबापूंनी खायचा.

रविवारी बेकरीच्या मागच्या खोलीत सगळे चहाला बसले असताना जावईबापूंनी हळूच विषय काढला.

“मालक, मला वाटतं, गहू मला मानवत नसावा.”

मालकांनी बशी खाली ठेवली. “गहू?”

“म्हणजे गव्हाचं जे काही असतं ते.”

“म्हणजे पाव.”

“पावही त्यात येतो,” जावईबापू म्हणाले.

“माझ्या पावाने आजवर या गल्लीत एक माणूस आजारी पडलेला नाही,” मालक म्हणाले. आवाज चढला नव्हता, उतरला होता, आणि ते जास्त वाईट. “दात नसलेल्या म्हाताऱ्या खातात, पाळण्यातली पोरं खातात. तुम्हाला तेवढं होतं? हे मनाचे खेळ आहेत, जावईबापू. असल्या गोष्टी पोटात नसतात, डोक्यात असतात.”

घरी पोचल्यावर दार उघडताना बायको म्हणाली, “एवढी वर्षं खाल्लात तेव्हा चाललं. आता बाबांचा एवढा मोठा दिवस आलाय, तेव्हाच बरा तुम्हाला गहू टोचायला लागला?”

“अगं, मी खोटं बोलतोय का?”

“मी कुठे तसं म्हटलं?” असं म्हणून ती आत गेली. म्हणजे तेच म्हटलं.

जावईबापूंच्या जिवाला लागलं ते हे. पोटाचं त्यांना आता सवयीने फार वाटत नव्हतं. पण आपल्याच घरात आपण सोंग करणारे ठरावं, आणि पाटीवरच्या त्या हसऱ्या ठोंब्याने दारोदार आपल्याविरुद्ध साक्ष द्यावी?

त्यांनी गुपचूप गहू सोडला. सकाळची पिशवी घ्यायची, “कचेरीत खातो,” म्हणायचं आणि कचेरीत नेऊन तक्रारीच्या खिडकीवर ताटकळणाऱ्या लोकांना वाटून टाकायची. दोन महिन्यांत पोट शांत झालं, तोंड बरं झालं. खिडकीवरची गर्दी मात्र वाढली. ज्यांच्या नळाला व्यवस्थित पाणी होतं तेही सकाळी तक्रार घेऊन येऊ लागले. वरिष्ठांनी वरती कळवलं की जनतेचा खात्यावरचा विश्वास वाढतो आहे.

या गर्दीत एक जुनं गिऱ्हाईक होतं, एक बाई. तिला सगळी कचेरी गढूळबाई म्हणे. ती दर महिन्याला गढूळ पाण्याची बाटली घेऊन येई आणि जावईबापू तिला दर महिन्याला तेच सांगत, “बाई, बाटलीत काय, कुणीही माती कालवेल. तपासनीस तुमच्याकडे येऊन गेले, पाणी स्वच्छ होतं. पुरावा आणा.” तपासनीस येणार म्हणून आदल्या दिवशी खात्याची माणसं नळ धुऊन काढत, ही गोष्ट वेगळी. ती पद्धतच होती. पाहुणा यायच्या आधी घर झाडायचं नाही का?

घात या गढूळबाईने केला. पाव आवडला म्हणून ती पिशवीवरचा पत्ता पाहत बेकरीत गेली आणि मालकांना म्हणाली, “तुमचे जावई फार मोठ्या मनाचे हो! स्वतः तुकडा तोंडात घालत नाहीत, सगळा आम्हाला वाटतात.”

त्या संध्याकाळी मालक स्वतः घरी आले होते, टोपी न काढता बसले होते. शेवटी म्हणाले, “ठीक आहे. डोक्यात नाही, पोटात आहे म्हणता ना? मग पुरावा आणा.”

हे वाक्य कुठेतरी ऐकलंय, असं जावईबापूंना वाटलं. पण ते इतकं त्यांचं स्वतःचं होतं की ओळख पटली नाही.

ते दुसऱ्याच दिवशी गेले आणि कुणाही डॉक्टरला न विचारता, स्वतःच्या हुशारीवर, प्रयोगशाळेत रक्त देऊन आले. निकाल लागला. काही नाही. गव्हाशी या माणसाचं काहीही वाकडं नाही.

मालकांनी मोठ्या मनाने माफ केलं आणि तेच जास्त झोंबलं. माफीबरोबर एक मोठा पाव आला. कंपाउंडर भेटायला आले. “मी म्हणत होतो ना? हवा!” काकू म्हणाल्या, “होतं असं या वयात. माझे दीर स्वतःला काचेचे समजत.” बायकोने पाव कापून ताटात वाढला. जावईबापूंनी घास घेतला. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते याला.

पण पोट काही प्रयोगशाळेचा कागद वाचत नाही. रात्रीपर्यंत ते पहिल्यासारखं बोलू लागलं. तेव्हा जावईबापू हट्टाला पेटले आणि तो कागद घेऊन पोटाच्या डॉक्टरीणबाईंकडे गेले. बाई वयाने लहान होत्या, चष्मा मोठा होता, आणि त्या प्रश्न विचारून उत्तर पूर्ण ऐकत. जावईबापूंना याची सवय नसल्याने ते आधी गोंधळले, मग पंपघरापासून सगळं सांगून मोकळे झाले.

“रक्त दिलंत तेव्हा गहू खात होतात?” बाईंनी विचारलं.

“छे!” जावईबापू अभिमानाने म्हणाले. “दोन महिने शिवलो नव्हतो. अगदी कडक.”

बाईंनी चष्मा काढून टेबलावर ठेवला. “मग रक्तात दिसणार काय, काका? काही लोकांच्या शरीराला गव्हातलं ग्लूटेन चालत नाही. ते पोटात गेलं की शरीर भांडायला उठतं आणि त्या भांडणाच्या खुणा रक्तात राहतात. तुम्ही भांडखोराला आधी घराबाहेर काढलंत, घर शांत होऊ दिलंत आणि मग पोलीस बोलावलेत.”

जावईबापूंच्या डोळ्यांसमोर एक बाटली आली.

“म्हणजे,” ते हळूच म्हणाले, “नळ आधी धुतला आणि मग नमुना घेतला.”

“म्हणजे काय?”

“काही नाही. आमच्या खात्याची पद्धत आहे.”

“आता नमुना नीट घ्यायचा तर एकच उपाय,” बाई म्हणाल्या. “गहू पुन्हा सुरू करायचा. रोज, थोडा पण न चुकता, दीड-दोन महिने. मग रक्त, आणि गरज पडली तर आतड्याचा बारीकसा तुकडा. तो आजार निघाला नाही तरी गहू मानवत नसेल, असं होऊ शकतं. पण आधी आहे की नाही हे कळायला हवं. त्रास फार वाढला तर मला सांगायचं, एकट्याने सोसत बसायचं नाही.” आणि त्यांनी चिठ्ठी लिहिली: ‘पाव, सकाळ-संध्याकाळ. पुढील तपासणीपर्यंत बंद करू नये.’

ही चिठ्ठी जावईबापूंनी खिशात ठेवायला हवी होती. त्यांनी ती घरात टेबलावर ठेवली. सकाळी ती मालकांच्या हातात होती, दुपारी चौकटीत, आणि संध्याकाळी बेकरीच्या काचेवर मोठी करून लावलेली. तिच्यावर मालकांनी स्वतः अक्षरं काढून घेतली होती: ‘डॉक्टरसुद्धा हाच पाव लिहून देतात!’

गल्लीत एकच गडबड उडाली. काकूंनी गुडघ्यांसाठी पाव सुरू केला. कंपाउंडर गिऱ्हाइकांना सांगू लागले, सकाळचा जेवणाआधी घ्यायचा आणि संध्याकाळचा जेवणानंतर. इतका पाव त्या भट्टीतून कधीच गेला नव्हता. डॉक्टरीणबाईंना कळलं तेव्हा त्या आधी चिडल्या, मग हसल्या. “तुमचे सासरे आले होते,” त्या जावईबापूंना म्हणाल्या. “मी चौकट काढा म्हटलं, तर हो म्हणाले आणि बसूनच राहिले. कुणा ओळखीच्या माणसाच्या पोटदुखीबद्दल बराच वेळ विचारत होते.”

चौकट अर्थातच निघाली नाही.

आणि जावईबापूंचा तोंड दाबून बुक्क्यांचा मार सुरू झाला. आधी निदान आजारी दिसायची मुभा होती. आता जो पाव पोटात कालवाकालव करी, तोच औषध ठरला होता. रस्त्यात लोक विचारत, “काय जावईबापू, पाव लागू पडतोय ना?” आणि पोटावर हात ठेवून त्यांना, “हो, हो, चांगलाच लागतोय,” म्हणावं लागे.

फरक पडला तो एका ठिकाणी. डॉक्टरीणबाईंनी सांगितल्यामुळे आता दोन्ही वेळचा पाव घरात, बायकोसमोर खायचा होता. इतकी वर्षं ती पिशवी भरून देई आणि पुढचं नाटक कचेरीत होई. आता ते रोज तिच्या स्वयंपाकघरात होऊ लागलं. घास घेतल्यावर थोड्या वेळाने नवऱ्याचा चेहरा राखेसारखा कसा होतो, खुर्चीवरून उठताना तो टेबलाला कसा धरतो, हे ती पाहत राही. पहिल्या आठवड्यात ती भांडी जरा जोराने आपटत होती. मग आपटणं थांबलं.

एका संध्याकाळी ती म्हणाली, “आज अर्धाच खा.”

“नाही.”

“अहो, कोण बघतंय? मी पिशवीत परत ठेवते.”

“नमुना बिघडेल,” जावईबापू म्हणाले.

“चुलीत गेला तो नमुना! तुमच्याकडे बघवत नाही मला.”

“पण आता अर्धवट सोडलं तर पुन्हा नळ धुतल्यासारखं होईल. आण तो पाव इकडे.”

तिने पाव पाठीमागे लपवला. मग या वयात त्या दोघांची स्वयंपाकघरात पावासाठी झटापट झाली. तो मागतो आणि ती देत नाही. शेवटी तिने दिला आणि समोर बसून राहिली. “खा,” म्हणाली, “पण माझ्याकडे बघत खा. एकट्याने नाही.” जावईबापूंना त्या दिवशी पाव गिळताना जो त्रास झाला तो पोटाचा नव्हता.

रक्त पुन्हा गेलं. मध्ये खात्याच्या वैद्यकीय शाखेने खर्चाचा अर्ज, ‘पाव हे औषध असल्याबद्दल पुरावा जोडावा,’ असा शेरा मारून परत केला. अक्षर जावईबापूंच्या ओळखीचं होतं, कारण त्या कारकुनाला शेरे मारायला त्यांनीच शिकवलं होतं.

या वेळी रक्ताने तोंड उघडलं. खुणा नुसत्या सापडल्या नाहीत, ओसंडून वाहत होत्या. मग घशातून बारीक नळी घालून आतड्याची पाहणी झाली. नळ्यांच्या खात्यात जन्म घालवलेल्या माणसाची ही पहिलीच अंतर्गत तपासणी. गुंगीचं इंजेक्शन उतरता उतरता ते परिचारिकेला म्हणाले, “तपासनीस येणार हे नळाला आधी कळवलं नव्हतं ना?” तिने रीतसर, “नाही,” म्हणून सांगितलं. तेव्हा त्यांना समाधानाची झोप लागली.

शेवटचा अहवाल मिळाला तो नेमका बेकरीच्या समारंभाच्या सकाळी.

“आहे,” डॉक्टरीणबाई म्हणाल्या. “आतड्याला आतून मखमल असते, ती झिजून सपाट झालीय. गहू आणि त्याचे भाऊबंद कायमचे बंद केले की भरून येईल. तुमच्या रक्ताच्या नातेवाइकांनाही तपासून घ्यायला सांगा.”

“नक्की आहे?”

“नक्की.”

“लेखी?”

“लेखी, सही-शिक्क्यासकट.” बाई हसल्या. “अभिनंदन म्हणू का?”

“म्हणा!” जावईबापू म्हणाले, आणि लढाई जिंकलेल्या सेनापतीसारखे दवाखान्याच्या पायऱ्या उतरले. एवढा आनंदी रुग्ण त्या दारातून बाहेर पडलेला कुणी पाहिला नव्हता. रिक्षावाल्याला त्यांनी स्वतःहून सांगितलं, “मी आजारी आहे बरं का.” तो म्हणाला, “मग हळू नेतो.” “नाही, जोरात घ्या!”

बेकरीसमोर सगळी गल्ली जमली होती. पाटी नुकतीच रंगवलेली, ओली. खाली बाकड्याएवढा पाव. मालक नव्या कोटात, हातात सुरी. जावईबापू गर्दीतून वाट काढत आले, पिठाच्या रिकाम्या खोक्यावर चढले, आणि स्वतःच्याच हसऱ्या चित्राखाली उभे राहून त्यांनी अहवाल पहिल्या अक्षरापासून शिक्क्यापर्यंत वाचून दाखवला.

“म्हणजे मी सोंग करत नव्हतो,” ते म्हणाले. “मी आजारी आहे. पहिल्यापासून आजारी आहे!”

मागून काकूंचं, “अगंबाई,” ऐकू आलं. कंपाउंडरांनी समारंभ आहे म्हणून सवयीने टाळ्या वाजवल्या, मग सगळ्यांनीच वाजवल्या. “मी पहिल्यापासून म्हणत होतो,” कंपाउंडर शेजारच्याला सांगत होते, “गहू!”

मालकांच्या हातातली सुरी जागीच होती. ते काही म्हणायच्या आत बायको पुढे आली. “बाबा, ते खरं बोलत होते. मी इतके दिवस डोळ्यांनी बघितलंय. पाव त्यांना मीच वाढलाय.”

“दोघेही आत या,” मालक म्हणाले.

मागच्या खोलीत भट्टीची धग होती. मालकांनी दार लावलं, कोट काढला, फळीवरून आपला रोजचा डबा उतरवला आणि उघडून जावयापुढे ठेवला. डब्यात भात होता. भात आणि उकडलेले बटाटे.

जावईबापू पाहत राहिले. हा डबा त्यांनी पंपघरात खाल्ला होता.

“भट्टी सुरू केली आणि वर्षभरात पोटाने संप पुकारला,” मालक भिंतीकडे बघत म्हणाले. “पाव खाल्ला की मेलो, सोडला की बरा. आता सांगा, मी कुणाला सांगणार होतो? न्हाव्याला टक्कल चालतं, शिंप्याचा सदरा उसवलेला चालतो. पण बेकरीवाल्याला पाव चालत नाही म्हटल्यावर दुकानात कोण येईल?”

“आणि पाटीवर माझं चित्र?”

“रंगारी म्हणाला, मालक, तुम्हीच बसा. पण चित्र पुरं होईपर्यंत पाव दातांत धरायचा होता. तुम्ही नवे होतात. नाही म्हणायची तुम्हाला सवय नव्हती.”

“एवढी वर्षं!” बायको म्हणाली. “घरात दोन पुरुष, दोघांचं एकच दुखणं. आणि त्यातला एक दुसऱ्याला सांगतोय, तुमच्या डोक्यात आहे म्हणून!”

“ते पोटाचं बोलले की मला वाटायचं, माझीच चोरी पकडतायत,” मालक म्हणाले. ते बोलता बोलता इतके खाली वाकून बसले होते की पहिल्यांदाच जावयाला त्यांच्या डोक्यावरची टोपी वरून दिसली. मग त्यांनी जुना आवाज गोळा केला. “असो. माझं मला कळलेलंच आहे. त्यात तपासायचं काही नाही.”

जावईबापूंनी घसा साफ केला. हा क्षण आयुष्यात पुन्हा येणार नव्हता.

“पुरावा?” ते म्हणाले.

पुढचं थोडक्यात. बायकोने त्याच आठवड्यात आपलं रक्त तपासून घेतलं. तिला काहीही निघालं नाही, आणि नवरा नि वडील या दोघांच्याही वाटणीचा केक ती आता त्यांच्यासमोर बसून खाते. गढूळबाईकडे जावईबापू एकदा पहाटे, आगाऊ सूचना न देता, स्वतः गेले आणि नळाला पाणी येताक्षणी बाटली भरून घेतली. तो पाइप महिन्याभरात बदलला. रंगाऱ्याने पाटीवरचे जावईबापूंचे दात आणि पाव यांच्यात वीतभर अंतर ठेवलं आणि मालकांनी खालची अक्षरं बदलून घेतली: ‘जावयाला चालत नाही. बाकी सगळ्यांना चालतो!’ एवढं खरं बोलणारं दुकान लोकांनी पाहिलं नव्हतं. खप वाढला.

आणि मालकांना डॉक्टरीणबाईंकडे नेलं, तेव्हा त्यांनी शांतपणे विचारलं, “गहू बंद आहे का?” मालक म्हणाले, “एकोणपन्नास वर्षं, कडक.” बाईंनी जावईबापूंकडे पाहिलं, जावईबापूंनी छताकडे. मग बाईंनी चिठ्ठी लिहिली, तीच.

दुसऱ्या दिवशी सकाळी जावईबापू लवकर उठले, बेकरीत गेले आणि कागदी पिशवी घेऊन सासऱ्यांच्या दारात उभे राहिले. पिशवी हात भाजेल इतकी गरम होती. मालक टेबलाशी बसले होते, ताठ, दोन्ही हात गुडघ्यांवर.

जावईबापूंनी पाव काढून बशीत ठेवला.

“घ्या बाबा,” ते म्हणाले. “घरचाच आहे.”

या वेळी मालकांनी मागे वळून पाहिलं नाही. ते पावाकडेच बघत होते.

“तुम्ही थांबताय ना?” त्यांनी हळूच विचारलं.

“थांबतो ना,” असं म्हणून जावईबापूंनी समोरची खुर्ची ओढली, आपला भाताचा डबा उघडला, आणि इतक्या वर्षांत पहिल्यांदाच सासुरवाडीत पोटभर जेवले.